बाईंचा पाला

चामटोलीच्या पलीकडे डोंगराच्या पायथ्याशी जो मोठा तलाव आहे, त्यात जलपर्णी कोणी सोडली हे गावात कधीच गुपित नव्हतं. ती यशोधराबाईंनी सोडली. दिवसाढवळ्या, सव्वीस जानेवारीचं झेंडावंदन झाल्यावर, सगळं गाव घाटावर जमलेलं असताना. लोकांनी टाळ्याही वाजवल्या होत्या.

यशोधरा बदलापूरच्या एका शाळेत विज्ञान शिकवायची. नवरा मिलिंद अंबरनाथ एमआयडीसीत एका इंजिनिअरिंग कारखान्यात होता, आणि दोघं बदलापूर पूर्वेला राहायचे. माहेर मात्र चामटोलीचं. बौद्धवाडीत, तलावाच्या खालच्या अंगाला अगदी शेवटचं घर. तिथे तिचे वडील शिवराम, म्हणजे आबा, एकटेच राहत. ते कारखान्यातून रिटायर झाले होते आणि सकाळ-संध्याकाळ तलावाच्या वरच्या घाटावर जाऊन बसत. त्या घाटावर त्यांच्या आईला पाय ठेवायची सोय नव्हती. ती खाली चिखलात हंडा घेऊन उभी राहायची. आबा हे फारसं कधी बोलत नसत, पण घाटावर बसायचं मात्र एकही दिवस चुकवत नसत.

दोन हजार एकच्या डिसेंबरात यशोधराच्या वर्गाने विज्ञान प्रदर्शनासाठी एक मॉडेल केलं. काचेच्या दोन टाक्या. दोन्हींत उल्हासनगरकडच्या नाल्याचं काळं पाणी. एका टाकीत नुसतं पाणी, दुसरीत त्याच नाल्यातून आणलेली जलपर्णी. काही दिवसांनी दुसऱ्या टाकीतलं पाणी असं निवळलं की मागे धरलेलं पुस्तक वाचता यायचं. तालुक्यात पहिला नंबर आला. स्थानिक पेपरात बाईंचा मुलांसोबत फोटो छापून आला आणि तो कापून आबांनी बाबासाहेबांच्या तसबिरीखाली चिकटवला.

त्याच आठवड्यात हिंदुराव तिच्या घरी आले. हिंदुराव म्हणजे गावातले जुने शेतकरी, पंचायतीत बरीच वर्षं काढलेले. त्यांनी आजवर बौद्धवाडीतल्या कोणाच्या घरी चहा घेतला नव्हता. यशोधराच्या फ्लॅटमध्ये त्यांनी तो घेतला, कप खाली ठेवला आणि म्हणाले, "बाई, वरच्या अंगाला बिल्डिंगी झाल्या तवापासून आपल्या तलावाला घाण यायला लागलीय. पोरांना खाज सुटते. हे तुमचं झाड आपल्या तलावाला चालंल का?"

"चालेल की," यशोधरा म्हणाली.

पुढे तिला हेच शब्द सगळ्यात जास्त टोचत राहिले. हिंदुराव विचारायला आले होते आणि तिने विचार करायला एक दिवसही मागितला नव्हता. तिच्याकडच्या पुस्तकात त्याच पानावर लिहिलेलं होतं की ही वनस्पती अतिशय झपाट्याने वाढते. ते तिने वाचलं होतं. वाचून तिला बरंच वाटलं होतं. जितकी लवकर वाढेल तितकं लवकर पाणी साफ.

सव्वीस जानेवारीला आबांनी ठेवणीतला कोट घातला. घाटाच्या सगळ्यात वरच्या पायरीवर ते उभे होते. यशोधराने माइकवर सोप्या शब्दांत सगळं समजावलं, मग हिंदुराव आणि ती मिळून पाण्याशी उतरले आणि टोपलीतली फुगीर देठांची हिरवी रोपं एकेक करून पाण्यावर सोडली. ती थोडी डगमगली आणि सरळ होऊन तरंगायला लागली. आबा रुमालाने चष्मा पुसत होते.

पहिल्या उन्हाळ्यात तर सगळे खूशच होते. घाटाच्या कोपऱ्यात जांभळ्या फुलांचा तुरा आला. बदलापूरहून पोरं बाइकवर बसून फोटो काढायला यायची. कोपऱ्यातलं पाणी खरंच स्वच्छ दिसायचं. यशोधरा वर्ग घेऊन आली, मुलांना मुळं उचलून दाखवली. पावसाळ्यात रोपं वाऱ्याने फुटून तलावभर पांगली. दिवाळीला तलावाचं वरचं सगळं अंग हिरवं झालं होतं. तेव्हा कोणीतरी तिला विचारलं, बाई, जरा जास्तच होतंय का? ती हसून म्हणाली, "वाढतेय म्हणजे काम करतेय."

होळीपर्यंत पाणी फक्त मधोमध दिसायला लागलं. एरवी या काठावरून मारलेली हाक पलीकडे नीट पोचत नाही एवढा तो तलाव, पण आता बघणाऱ्याला ते एखादं शेत वाटलं असतं. सदू जाळं टाकून मासे धरायचा, त्याला जाळं टाकायला जागा उरली नाही. मग मासेच पोट वर करून कडेला लागले. पाल्याखाली ऊन जात नव्हतं, हवा जात नव्हती. खालचा पाला कुजून पाण्याला सांडपाण्याहून वाईट वास यायला लागला. डास इतके झाले की गावात दिवेलागणीलाच दारं बंद होऊ लागली.

गावात जलपर्णीला नाव मिळालं होतं. यशोधराने ते पहिल्यांदा ऐकलं ते नळावर. ती आबांकडे निघाली होती आणि दोन बायका हंडे भरताना बोलत होत्या. "बाईंचा पाला पार घाटाला लागला गो," एक म्हणाली. तिच्या बोलण्यात राग नव्हता, टोमणा नव्हता. पाटलांची विहीर म्हणावी तसं ती म्हणाली, बाईंचा पाला. यशोधराला पाहून दुसरीने हंडा बाजूला घेतला आणि तिला जायला वाट करून दिली.

तिने पुस्तकं काढली, अंबरनाथच्या वाचनालयात जाऊन बसली, एका कॉलेजच्या प्राध्यापकांना फोन केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "तलावात? उघड्या तलावात सोडलीत?" त्यानंतर त्यांनी बरंच काही समजावून सांगितलं, पण तिच्या कानात ते 'उघड्या तलावात' एवढंच राहिलं. टाकीतलं पाणी साफ झालं की रोपं काढून टाकायची असतात. तलावातून कोण काढणार, हे तिने कधी स्वतःला विचारलंच नव्हतं.

एप्रिलात कौसाबाईंची म्हैस गेली.

कौसाबाई म्हणजे हिंदुरावांच्या भावकीतल्या. नवरा वारलेला, मुलगा पनवेलकडे. भुरी नावाची एक म्हैस होती आणि तिचं दूध त्या गावात आणि सोनिवलीच्या नव्या बिल्डिंगींत घालत. भर दुपारी भुरी तलावावर आली आणि तिला समोर हिरवंगार रान दिसलं. ती चरत चरत पुढे गेली. पाल्याने तिचं वजन थोडा वेळ पेललं, मग ती खचली. म्हैस पोहणारं जनावर, पण मुळांची जाळी पायांत आणि शिंगांत अडकली. ती बराच वेळ ओरडत होती म्हणे. लोक दोर घेऊन धावले, पण पाल्यात उतरायचं कोणाला धाडस झालं नाही.

यशोधराला शाळेत निरोप आला. ती रिक्षा करून पोचली तेव्हा भुरीला ओढून काठावर आणलं होतं. शिंगांना काळी मुळं गुंडाळलेली होती आणि कानाशी एक जांभळं फूल चिकटलेलं होतं. कौसाबाई शेजारी बसल्या होत्या. यशोधराला पाहून त्या उठल्या, पदर सारखा केला.

"बाई, तुम्ही कशाला आलात उन्हाच्या," त्या म्हणाल्या. "अरे, बाईंना कोणी पाणी द्या रे."

कोणीतरी खरंच पाणी आणलं. तांब्या हातात घेऊन यशोधरा उभी राहिली. भोवती पंधरा-वीस माणसं होती आणि त्यातलं एकही माणूस तिच्याकडे बघत नव्हतं. ओरडले असते तर तिला काहीतरी बोलता आलं असतं. तिने पाणी प्यायलं, कारण न पिता तांब्या परत कसा द्यायचा तेही तिला सुचेना.

तिथून ती आबांकडे गेली. ते दुपारचे घरातच होते. घाटावर ते कित्येक दिवसांत गेले नव्हते, हे तिच्या आता लक्षात आलं.

"आबा, मला कोणी काही बोलत नाही," ती म्हणाली.

"तुला नाय बोलणार. तू शाळेची बाई आहेस."

"तुम्हाला बोलले?"

आबांनी दार लोटून घेतलं. मग म्हणाले, "गिरणीवर एक जण बोलला. यांच्या हाती पाणी दिलं का असंच व्हायचं. हळूच बोलला. मला ऐकू येईल इतपत."

"कोण?"

"ते सोड."

यशोधरा भिंतीला टेकून खाली बसली. समोर ते कात्रण होतं. ती आणि मुलं आणि दोन टाक्या. आतापर्यंत तिला स्वतःची लाज वाटत होती. आता तिला वाटलं, आपण आबांना त्या घाटावरून उठवलं. त्यांच्या आईला खाली उभं करणाऱ्यांना पुन्हा बोलायला तोंड दिलं, आणि तेही आपण दिलं.

"माझ्यामुळे तुम्हाला हे ऐकावं लागलं," ती म्हणाली.

"यशे, नीट ऐक." आबांनी चष्मा काढला. "तो जे बोलला ती लाज त्याची. ती तू घेऊ नकोस. पण पाला तुझा आहे. ते दुसऱ्या कोणावर टाकू नकोस. दोन्हीची गाठ मारून रडत बसलीस तर कामाची राहणार नाहीस."

"मी काय करू?"

"ते मला काय माहीत. विज्ञान तू शिकलीस."

एक मेच्या ग्रामसभेत यशोधरा उभी राहिली. ती चामटोलीची मतदार नव्हती, पण तिला कोणी अडवलं नाही. तिने सांगितलं की जलपर्णी तलावात सोडणं ही चूक होती, ती माझी चूक होती, आणि पुस्तकात लिहिलेलं असूनही मी ती केली. बिल्डिंगींच्या सांडपाण्याने पाला जास्त फोफावला हे खरं, पण सोडला मी.

हिंदुराव लगेच उठले. "एकट्या बाईंचं नाय ते. टोपलीला माझा पण हात होता. इचारायला पण मीच गेलो होतो."

"काका, तुम्हाला माहीत नव्हतं म्हणून तुम्ही विचारलंत," यशोधरा म्हणाली. "मला माहीत असायला हवं होतं."

"आता झालं ते झालं," कोणीतरी म्हणालं. "बाईंनी चांगल्यासाठीच केलं."

"हां, चांगल्यासाठीच केलं," मागून कौसाबाई म्हणाल्या. त्या बायकांच्या रांगेत बसल्या होत्या, त्या उठल्या नाहीत. "समदे बोलतात चांगल्यासाठी. मी पन बोलले. त्या दिवशी मी हिला पानी दिलं. घरी गेले, मोकळा गोठा बघितला, आनि मला माझाच राग आला का मी हिला पानी का दिलं. माजी म्हस ओरडत होती आनि मी काठावर उभी होते. तू बोललीस पानी साफ होईल. मी तुज्यावर इश्वास ठेवला, कारन तू शिकलेली. आता मी काय करू, सांग."

आबा दाराशी उभे होते.

"मला सांगता येत नाही," यशोधरा म्हणाली. "म्हैस मी परत आणू शकत नाही. पाला काढायला येत्या रविवारपासून मी पाण्यात उतरणार आहे. कोणी आलं नाही तरी."

त्या रात्री तिला कित्येक महिन्यांनी झोप लागली. मिलिंदने सकाळी विचारलं तेव्हा ती म्हणाली, "एकजण तरी माझ्यावर ओरडलं."

रविवारी ती, मिलिंद आणि बौद्धवाडीतले चौघं-पाचजण उतरले. कमरेला ट्रकच्या ट्यूबा, हातात दाताळं आणि कोयते. पाला दिसतो तेवढा हलका नसतो. एक ओंजळ ओढली की मागून गाडाभर येतो. दुपारपर्यंत घाटासमोरची एक खोलीभर जागा मोकळी झाली आणि पुढच्या रविवारी ती पुन्हा भरलेली होती. मग सदूने युक्ती काढली. बांबू एकमेकांना बांधून पाण्यावर लांबच लांब आडवा दांडा केला, त्याच्या अलीकडचा पाला काढायचा आणि दांडा पुढे ढकलायचा, म्हणजे मागे पुन्हा पसरत नाही. हिंदुरावांनी ट्रॅक्टर दिला. काढलेला पाला तलावापासून दूर माळावर नेऊन उन्हात वाळवायचा, कारण ओला टाकला आणि पाऊस आला तर तो वाहून पुन्हा पाण्यात.

माणसं वाढत गेली. यशोधराला ते बरं वाटायचं आणि तेवढीच शरमही वाटायची. ही सगळी माणसं त्यांचा रविवार आपल्या चुकीवर घालवत आहेत. कोणी म्हणायचं, "बाई, तुम्ही काठावर थांबा, आम्ही करतो." ती ऐकून न ऐकल्यासारखं करायची. दोर ओढताना पुढच्या माणसाची पाठ दिसायची आणि तिच्या मनात यायचं, गिरणीवरचा तो हाच असेल का? आबांनी नाव शेवटपर्यंत सांगितलं नाही. ज्याच्यासोबत दोर ओढायचा त्याच्याबद्दल असं वाटणं वाईट, आणि न वाटणंही शक्य नव्हतं. पावसाळ्याच्या तोंडाशी आबा आले. पाण्यात उतरायचं त्यांचं वय नव्हतं. ते पाला वाळला की नाही ते बघायचे आणि काठीने उलथापालथ करायचे. कौसाबाई पहिले दोन महिने आल्या नाहीत. मग एकदा आल्या, यशोधराशी एक शब्द न बोलता संध्याकाळपर्यंत टोपल्या उचलल्या आणि गेल्या. पुढच्या वेळीही तसंच.

डिसेंबरात उल्हासनगरच्या एका शाळेतून पत्र आलं. विज्ञान प्रदर्शनाला परीक्षक म्हणून या, तुमचं मॉडेल अजून सगळ्यांच्या लक्षात आहे. यशोधराने नकार द्यायचं ठरवलं होतं. मिलिंद म्हणाला, "आठवणीत आहे म्हणतायत. कोणीतरी तेच करत असेल."

तेच होतं. हॉलच्या मधल्या रांगेत नववीतली श्रद्धा नावाची मुलगी दोन टाक्यांमागे उभी होती. एकीत काळं पाणी, दुसरीत निवळलेलं, वर हिरवी रोपं. बाजूला थर्माकोलचा एक तलाव, निळ्या रंगाचा, आणि त्यावर कागदाची जांभळी फुलं. यशोधराला बघून मुलीचा चेहरा खुलला.

"मॅडम, हे तुमचंच मॉडेल आहे. मी पुढचा भाग केलाय. आमच्या एरियातल्या तळ्यात ही सोडायची असा प्रकल्प आहे. सरांनी नगरसेवकांना सांगितलंय, ते रविवारी येणार आहेत."

यशोधराने परीक्षकाचा बिल्ला काढून पर्समध्ये ठेवला. तिला ठाऊक होतं, या मुलीच्या तोंडून आपणच बोलतोय. तोच उत्साह, तीच वाक्यं.

"श्रद्धा, माझं मॉडेल टाकीपुरतं खरं आहे," ती म्हणाली. "तलावात नाही. मी एका तलावात सोडली होती."

मग तिने सगळं सांगितलं. मासे, वास, डास, म्हैस. तिला ते हळू आवाजात सांगायचं होतं, पण आजूबाजूची मुलं जमली आणि श्रद्धाचे सरही आले. सर जरा नाराज झाले. "मॅडम, हे आधी कळवायचं होतं ना. मुलीने दोन महिने मेहनत घेतलीय."

"हो. कळवायला हवं होतं," यशोधरा म्हणाली. प्रदर्शनं दरवर्षी भरतात, आपलं मॉडेल लोक उचलतील, हे तिला सुचायला हवं होतं. तलावात उतरून पाला काढताना ती इतकी स्वतःच्याच चुकीत बुडाली होती की ती चूक दुसरीकडे रुजू शकते हे तिला दिसलंच नव्हतं.

श्रद्धा रडवेली झाली होती, पण रडली नाही. "मग मी आता काय बोलू, मॅडम? लोक तर येणार."

"खरं ते बोल. नंबराचं मी बघू शकत नाही. मी परीक्षक राहत नाही आता."

यशोधरा तिथून निघाली, कार्यालयात जाऊन तसं सांगितलं आणि परत जाताना हॉलच्या दाराशी थांबली. श्रद्धाने थर्माकोलचा तलाव टेबलाखाली सरकवला होता. समोर पालक उभे होते आणि ती बोलत होती, आधी अडखळत, मग नीट.

"टाकीत ठेवली तर ही पाणी साफ करते. पण काम झालं की बाहेर काढून वाळवायची. तलावात सोडायची नाही. चामटोलीला एका मॅडमनी सोडली होती. त्यांना वाटलं, चांगलं होईल. तर सगळा तलाव झाकला गेला, मासे मेले, एका बाईंची म्हैस त्यात बुडून मेली."

"टीचर होती आणि एवढं पण माहीत नव्हतं?" एक सिंधी गृहस्थ म्हणाले. त्यांचं कपड्याचं दुकान असावं, हातात पिशव्या होत्या. "कोण होती ती?"

श्रद्धाची नजर दाराकडे गेली आणि तिने ती पटकन खाली वळवली. तिला आपल्याला सांभाळून घ्यायचंय, हे यशोधराला कळलं. गावातल्या सगळ्यांसारखंच.

यशोधरा पुढे आली. "मी होते ती," ती म्हणाली. बोलताना तिला लाज वाटलीच. ग्रामसभेत वाटली होती तेवढीच, जरासुद्धा कमी नाही.

गृहस्थांनी तिला खालपासून वरपर्यंत पाहिलं. "अच्छा. आप ही." मग थोडं थांबून, जरा ओशाळून त्यांनी विचारलं, "मॅडम, आमच्या सोसायटीच्या मागे पण तळं आहे. त्यात असंच हिरवं हिरवं दिसतंय दिवाळीपासून. ते हेच असेल काय?"

"देठ फुगलेले आहेत? फुग्यासारखे?"

"हां. बच्चे लोक फोडून आवाज काढतात."

"मग तेच आहे. किती पसरलंय?"

त्यांनी हाताने दाखवलं, या टेबलापासून त्या खिडकीपर्यंत.

"फुलं आलीत?"

"अजून नाही."

"मग लवकर करा," यशोधरा म्हणाली. "फुलं आली की बी पडतं आणि ते चिखलात कित्येक वर्षं राहतं. आमच्याकडे आम्हाला आता जन्मभर लक्ष ठेवायचंय. तुमचं अजून हातात आहे. आधी बांबू बांधून ते एका कोपऱ्यात कोंडा. मग काठाकडून काढायला लागा, मधून नाही."

"काठाकडून," ते म्हणाले. श्रद्धाने टेबलावरचं पेन उचललं आणि चार्टच्या मोकळ्या कोपऱ्यात ते लिहायला घेतलं.